मागच्या रांगेतील हात



स्मरणिकेसाठी लेख द्यावा असा निरोप संपादक मंडळाकडून आला, तेव्हा इतिहासाचे शिक्षक या नात्याने आम्ही संस्थेच्या वाटचालीवर लिहू अशी मंडळाची अपेक्षा असावी. ते काम आमच्याहून ज्येष्ठ मंडळींनी या अंकात केलेच आहे. आम्ही लिहिणार आहोत ते मारामारीच्या एका विनोदी चिनी सिनेमाविषयी आणि एका छायाचित्राविषयी. विषय ऐकून संपादकांच्या कपाळाला आठी पडली. परंतु या दोन गोष्टींचा आपल्या वसतिगृहाशी जो संबंध आहे, तो आम्हांलाही यंदाच उमगला. म्हणून वाचकांनी थोडा धीर धरावा, ही विनंती.

या अंकासाठी छायाचित्रे जमविण्याचे काम दहावीच्या मुलांकडे सोपविले होते. एके दिवशी त्यांनी छापील प्रतींचा गठ्ठा टेबलावर आणून ठेवला. वरचेच छायाचित्र सकाळच्या वंदनेचे होते. रंग पिवळसर, कडा काळवंडलेल्या, सर्वत्र बारीक रवा पसरलेला आणि कोपऱ्यात नारिंगी अंकांत तारीख. आम्हांला ते चाळीस वर्षांपूर्वीचे वाटले. मग त्यातली मुले ओळखू आली. ती समोरच उभी होती! छायाचित्र मागच्याच महिन्यात मोबाइलवर काढलेले. "सर, याला फिल्म लूक म्हणतात," मुलांनी आमच्या अज्ञानात भर घातली. मग त्यांनी स्नेहसंमेलनासाठी तयार केलेली आपली छोटी चित्रफीतही दाखविली. मैदानावर दोन मुले लुटुपुटीचे कुंग-फू खेळत आहेत, एक घसरून पडतो, दुसरा त्याच्यावर आदळतो, आणि चित्रावरून आडव्या रेघा सरकत आहेत. त्या रेघा कशासाठी, असे आम्ही विचारले. उत्तर आले, "जुन्या कॅसेटसारखं वाटावं म्हणून, सर."

आम्हांला हसू आवरेना. याच रेघा जाव्यात म्हणून १९८५ च्या एप्रिलमध्ये आम्ही मुलांनी एका टीव्हीवर अर्धी रात्र थपडा मारल्या होत्या.

ती बाबासाहेबांच्या जयंतीची रात्र होती. आम्ही तेव्हा नववीत होतो. मिरवणूक झाली, भाषणे झाली, आणि वर्गणीतून सोलापूरहून भाड्याने आणलेला रंगीत टीव्ही व व्हीसीआर वसतिगृहाच्या अंगणात मांडला गेला. यंत्र पॅसेंजर गाडीने दुधनी स्टेशनवर उतरले, तेव्हापासून मुलांची पलटण त्याच्या मागे होती. दोन हिंदी चित्रपट ठरलेले होते. भाड्याने देणाऱ्याने तिसरी कॅसेट वर टाकून दिली होती. तिच्यावर नाव नव्हते. रात्री एकच्या सुमारास मोठी मंडळी पांगली आणि ती तिसरी कॅसेट लागली.

चित्र पाझरत होते. तांबडा रंग माणसाच्या अंगाबाहेर सांडत होता. प्रतीची प्रत, तिची आणखी प्रत अशी ती कॅसेट बनलेली असावी. व्हिडिओ टेपवर रंगाची नोंद मुळातच ढोबळ असते आणि प्रत्येक नकलेत ती अधिकच विरते. शिवाय मूळ सिनेमा रुंद पडद्याचा आणि टीव्ही जवळजवळ चौकोनी; त्यामुळे चित्राचा निम्म्याच्या आसपास भाग कापला जाई. ठोसा मारणारा दिसे, पण ठोसा खाणारा पुष्कळदा चौकटीबाहेर असे. संवाद इंग्रजीत, आणि ते कोणालाच कळत नव्हते. ही उणीव आमच्या एका सोबत्याने भरून काढली. टीव्हीच्या बाजूला उभे राहून तो प्रत्येक पात्राच्या तोंडी कानडी आणि मराठी मिसळून संवाद घालू लागला. आपल्या सीमेवरच्या गावाला ती मिसळ परकी नाही. खलनायक बाजारातल्या आडत्यासारखा वजनावरून भांडू लागला, म्हातारा भिकारी आमच्या अधीक्षक गुरुजींच्या आवाजात हजेरी घेऊ लागला. झोपलेली लहान मुले हसण्याच्या आवाजाने उठून बसली. गुरुजी मागे येऊन उभे असल्याचे बऱ्याच वेळाने ध्यानी आले. तेही हसत होते.

सिनेमा एका अनाथ मुलाचा होता. तो कुंग-फूच्या शाळेत राहतो, पण विद्यार्थी म्हणून नव्हे. फरशी पुसायची, पाणी भरायचे आणि इतरांना ठोसे मारण्याचा सराव करता यावा म्हणून स्वतःचे अंग पुढे करायचे, हे त्याचे काम. विद्या त्याच्या डोळ्यांसमोर रोज शिकविली जाते. त्याला मात्र ती कोणी देत नाही. पुढे एक म्हातारा भिकारी त्याला भेटतो. मुलगा त्याला आसरा देतो, आपल्या वाटचे खाऊ घालतो. तो भिकारी खरे तर थोर उस्ताद असतो. तो जमिनीवर पावलांचे ठसे उमटवून ठेवतो. त्या ठशांवर पाय टाकत मुलगा मार चुकवायला शिकतो आणि मग ज्यांनी त्याला बडविले त्यांची विनोदी फजिती होते. शेवटी एका मांजराला नागाशी झुंजताना पाहून तो स्वतःचा एक डाव शोधून काढतो. बोटे वळवून केलेला मांजराचा पंजा, हा तो डाव.

आज आम्हांला ठाऊक आहे की त्या सिनेमाचे नाव 'स्नेक इन द ईगल्स शॅडो'. तो १९७८ साली हाँगकाँगमध्ये निघाला. दिग्दर्शक युएन वू-पिंग यांचा तो पहिलाच चित्रपट. भिकाऱ्याची भूमिका त्यांचे वडील युएन सिउ-तिएन यांनी केली होती, आणि तो मुलगा होता जॅकी चॅन. त्याआधी त्याला दुसरा ब्रूस ली म्हणून उभे करण्याचे प्रयत्न झाले होते आणि ते फसले होते. ब्रूस लीचा नायक अजिंक्य होता. हा नायक मार खातो, बोटे चोळतो, पळतो आणि हसवीत हसवीत शिकतो. त्याच वर्षी याच मंडळींचा 'ड्रंकन मास्टर' आला आणि कुंग-फू विनोदपटांची लाट उसळली. चौदा-पंधरा वर्षांच्या आम्हां मुलांना यातले काहीही माहीत नव्हते. पण ज्याला शिकवायचेच नाही अशा मुलाची गोष्ट आम्हांला समजावून सांगावी लागली नाही. त्याच संध्याकाळी भाषणात आम्ही ऐकले होते की भीमराव आंबेडकर या विद्यार्थ्याला शाळेत संस्कृत शिकू दिले गेले नाही आणि त्याला फारसी घ्यावी लागली. फरक इतकाच, की सिनेमात हसू येत होते. आपल्यासारख्या मुलाच्या हालांवर आपण स्वतः हसू शकतो आणि त्या हसण्यात अपमान नसतो, हे आम्ही त्या रात्री प्रथम अनुभवले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या त्या सोबत्याने मैदानावर चुन्याने पावलांचे ठसे काढले आणि लहान मुलांना त्यावरून नाचविले. नऊ वाजता गावातले फोटोग्राफर आले. जयंतीचे पांढरे सदरे घालून आम्ही सारे तीन रांगांत उभे राहिलो. सोबती उंच, म्हणून मागच्या रांगेत, कडुनिंबाच्या सावलीत. ते छायाचित्र गेली चाळीस वर्षे कार्यालयाच्या लोखंडी कपाटात आहे. ऊन कडक, सदरे पांढरेशुभ्र, त्यामुळे पुढच्या दोन रांगा कशाबशा दिसतात. मागच्या रांगेतले चेहरे काळ्या डागांसारखे उमटले आहेत.

परीक्षा झाली, सुट्टी लागली. जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा तो आला नाही. घरची मंडळी वीटभट्टीवर गेली होती आणि धाकट्या भावंडांच्या पोटासाठी त्यालाही जावे लागले. गुरुजी दोनदा त्याच्या घरी जाऊन आले. दोन्ही वेळा दाराला कुलूप होते. आम्ही दहावी झालो, पुढे शिकलो, इतिहासात एम.ए. केले आणि याच विद्यालयात शिक्षक म्हणून परतलो. त्याची नोंद मात्र हजेरीपटावर नववीपाशी थांबली आहे.

पुढे वाचनात त्या नटाची गोष्ट आली, तेव्हा आम्हांला आपलेच वसतिगृह आठवले. जॅकी चॅनचे वडील १९६० च्या सुमारास स्वयंपाकी म्हणून ऑस्ट्रेलियाला गेले. मुलाला त्यांनी यू जिम-युएन यांच्या निवासी नाट्यशाळेत ठेवले. तेथे तो दहा वर्षे राहिला. पहाटे उठणे, कसरत, कोलांट्या, चुकले की छडी. सॅमो हंग आणि युएन बियाओ हे पुढचे प्रसिद्ध नट त्याचे तेथले सोबती. पडद्यावरचे ते सहज वाटणारे पडणे-उठणे त्या दहा वर्षांतून आलेले आहे. तथापि त्या शाळेत लिहिण्यावाचण्याकडे फारसे लक्ष दिले गेले नाही, आणि त्याची खंत त्याने स्वतः पुढे बोलून दाखविली आहे. येथे आम्हांला आपल्या परंपरेचे मोल कळते. बाबासाहेबांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेने १९२५ साली सोलापुरात विद्यार्थ्यांसाठी वसतिगृह काढले, ते आधी अक्षरासाठी. आपले विद्यालय त्याच वाटेवरचे आहे. म्हणूनच त्या वाटेवरून जो मध्येच उतरला, त्याची आठवण बोचते.

असल्या सिनेमांमुळे मुले आम्हांला हमखास एक प्रश्न विचारतात: शाओलिनच्या भिक्खूंना कुंग-फू बोधिधर्माने शिकविले, हे खरे काय? आपला माणूस भारतातून गेला आणि त्याने चीनला लढायला शिकविले, असे मानणे सुखाचे आहे. परंतु पुरावा निराळे सांगतो. शाओलिन मठाची स्थापना इ.स. ४९५ ची मानली जाते आणि तेथील पहिले आचार्य एक भारतीय भिक्खू होते, अशी परंपरा आहे. मठातल्या भिक्खूंनी ६२१ साली तांग घराण्याच्या बाजूने लढाईत मदत केली, याची नोंद ७२८ च्या शिलालेखात आहे. बोधिधर्माने कसरत शिकविल्याची कथा मात्र सतराव्या शतकातल्या एका ग्रंथापासून सुरू होते. म्हणजे हजारभर वर्षांनी कोणीतरी एका नव्या गोष्टीला जुना रंग दिला. मुलांचा विरस होतो, तरी आम्ही हे सांगतो. जुने दिसते ते जुनेच असते असे नाही, हा इतिहासाच्या अभ्यासातला पहिला धडा आहे.

हा धडा यंदा आम्हांलाच पुन्हा गिरवावा लागला.

गेल्या जूनमध्ये पाचवीच्या प्रवेशासाठी एक बाई मुलाला घेऊन आल्या. अर्ज भरताना त्यांनी मुलाच्या आजोबांचा उल्लेख केला, आणि आमचा हात थबकला. त्या आमच्या सोबत्याच्या कन्या होत्या. तो पुढे पुण्याला मार्केट यार्डात हमाली करीत होता. दोन वर्षांपूर्वी तो गेला. मरण्यापूर्वी त्याने सांगून ठेवले होते की नातू दुधनीच्या शाळेतच शिकला पाहिजे. जाताना त्या संकोचून म्हणाल्या, "सर, अप्पांचा लहानपणीचा एकही फोटो घरी नाही. शाळेत असेल का?"

आम्ही ते छायाचित्र काढले आणि दहावीच्या मुलांना दिले. मुले हुशार. त्यांनी मोबाइलमधल्या एका सोयीने ते 'दुरुस्त' केले, त्याला रंग दिला आणि वर जुन्या फिल्मचा साजही चढविला. मागच्या रांगेतला काळा डाग जाऊन तेथे एक रेखीव चेहरा आला. आम्हांलाही क्षणभर आनंद झाला. ती प्रत चौकटीत घालून आम्ही त्या बाईंच्या हाती दिली. त्यांनी ती बराच वेळ पाहिली आणि हळूच म्हणाल्या, "हे अप्पा नव्हेत, सर. कुणीतरी गोरा मुलगा आहे."

खरेच होते. ते नाक, ते डोळे त्याचे नव्हतेच. असे यंत्र हरवलेला चेहरा शोधून काढीत नाही. तो त्याला शोधता येतच नाही. असंख्य चेहरे पाहून त्याला जी सवय लागलेली असते, त्या सवयीप्रमाणे ते रिकाम्या जागी एक चेहरा बसविते. त्याच्या सवयीत आपला रंग कमी असेल, तर तो आपल्या नावावरही कमीच येणार.

ही खोड नवी नाही. पाश्चात्त्य रंगीत फिल्मची जी मोहिनी आज मुलांना पडली आहे, तिच्या रसायनातच ती होती. कोडॅक कंपनी छपाईचे रंग जुळविण्यासाठी प्रयोगशाळांना एक नमुनापत्र देई. त्यावर गोऱ्या स्त्रीचे चित्र असे आणि शर्ली नावाच्या मॉडेलवरून त्याला शर्ली कार्ड हेच नाव पडले. तिची कांती नीट उमटली की रंग बरोबर, असा निकष होता. गोरी आणि काळी मुले एकाच छायाचित्रात आली तर काळ्या मुलांचे दात आणि डोळे तेवढे दिसत. तक्रारी झाल्या. पण कंपनीच्या जुन्या अधिकाऱ्यांनीच सांगितल्याप्रमाणे, सुधारणेला जोर आला तो चॉकलेट आणि लाकडी सामान बनविणाऱ्यांच्या ओरडीमुळे. त्यांच्या मालाच्या तपकिरी छटा जाहिरातीत नीट येत नव्हत्या! माणसाच्या चेहऱ्याआधी कपाटाच्या लाकडाला न्याय मिळाला. आपले १९८५ चे छायाचित्र कृष्णधवल आहे आणि तेथे दोष उन्हाचा व सावलीचा अधिक, हे मान्य. परंतु पांढरा सदरा आणि सावळा चेहरा यांत निवड करायची वेळ आली, तेव्हा आपल्या छायाचित्रातही सदराच वाचला.

त्या सायंकाळी आम्ही मुलांना घेऊन बसलो. मूळ प्रत संगणकाच्या खोलीत पुन्हा स्कॅन केली, या वेळी शक्य तितकी मोठी. यंत्राला आपल्या मनाने काहीही भरू द्यायचे नाही, फक्त सावलीतला भाग थोडा उजळायचा, असे ठरविले. चेहरा फारसा उघडला नाही. कपाळाची रेषा दिसली, बाहेर आलेले कान दिसले. मग एक विद्यार्थिनी म्हणाली, "सर, यांचा हात बघा."

पुढच्या मुलाच्या खांद्याआडून एक हात वर आलेला होता. बोटे आत वळलेली, मनगट वाकलेले. मांजराचा पंजा! आदल्या रात्रीचा सिनेमा त्याच्या बोटांत होता आणि फोटोग्राफरच्या नकळत त्याने तो डाव टाकला होता. चाळीस वर्षे ते छायाचित्र आमच्या कपाटात होते आणि आम्ही ते पाहिले नव्हते. मुलांच्या दुरुस्त प्रतीत त्या जागी काय होते ते काढून पाहिले. यंत्राने तो हात सरळ केला होता. वाकडी बोटे ही चूक आहे असे समजून त्याने तेथे पाच सुबक बोटे बसविली होती.

दुसऱ्या दिवशी ती मूळ प्रत बाईंना दाखविली. चेहऱ्याकडे त्या पाहतच राहिल्या, खात्री पटेना. आम्ही हाताकडे बोट दाखविले. त्यांनी तोंडाला पदर लावला. म्हणाल्या, "आम्ही लहान असताना अप्पा असाच पंजा करून भिववायचे. मांजर आलं, मांजर आलं म्हणायचे. का करायचे ते कधी कळलं नाही." मग आम्ही त्यांना ती जयंतीची रात्र सांगितली, वजनावरून भांडणारा खलनायक सांगितला, चुन्याचे ठसे सांगितले. त्या रडता रडता हसल्या. निघताना आम्हांला सर म्हणाल्या नाहीत. "येते, काका," म्हणाल्या.

जॅकी चॅनने १९८२ पासून आपल्या चित्रपटांच्या शेवटी एक प्रथा पाडली. फसलेली दृश्ये, चुकलेल्या उड्या, झालेल्या दुखापती तो प्रेक्षकांना दाखवू लागला. १९८३ च्या 'प्रोजेक्ट ए' मध्ये तो घड्याळाच्या मनोऱ्यावरून कापडी छतांवर आदळत खाली येतो, ते पडणे खरे आहे. पाहणारा आधी हसतो आणि शेवटी त्या हसण्याची किंमत त्याला कळते. दहावीच्या मुलांना आम्ही हे दाखविले आणि इतकेच सांगितले, की तुम्ही आपल्या चित्रफितीवर खुशाल रेघा ओढा, रवा पसरा, पिवळा रंग चढवा. तो खेळ आहे आणि खेळात वावगे काही नाही. मात्र मूळ प्रत कधी पुसू नका, आणि माणसाचा रंग आणि माणसाचा हात यांना दुरुस्त करू नका. मुलांनी मान डोलावली. त्यांनी वंदनेच्या छायाचित्राचा साज स्वतःहून उतरविला. ते या अंकात जसे निघाले तसेच छापले आहे. मारामारीच्या चित्रफितीवरच्या रेघा मात्र त्यांनी ठेवल्या. त्या आम्हांलाही हव्या होत्या.

१९८५ चे सामूहिक छायाचित्र या अंकात मूळ स्वरूपात आहे, काळ्या डागांसह. खाली तिन्ही रांगांतील सर्वांची नावे दिली आहेत. जे दहावीपर्यंत पोचले त्यांची आणि जे पोचले नाहीत त्यांचीही. मागच्या रांगेतली तीन नावे आम्हांला अद्याप लावता आलेली नाहीत. त्या जागा आम्ही रिकाम्या ठेवल्या आहेत. ज्या माजी विद्यार्थ्यांना ती ठाऊक असतील त्यांनी कार्यालयास अवश्य कळवावे. तसेच आपल्या घरी वसतिगृहाची जुनी छायाचित्रे असतील तर ती फाटलेली असोत की डागाळलेली, आहेत तशीच आणावीत; आम्ही त्यांची प्रत काढून मूळ परत देऊ. मागे पेन्सिलने नाव, साल आणि गाव लिहावे.

नातू आता पाचवीत आहे. परवा मैदानावर तो पहिलीच्या मुलांना बोटे वळवून भिववीत होता. त्याला कोणी शिकविले, हे आम्ही विचारले नाही.

नमो बुद्धाय. जयभीम.